दोन चंद्रांच्या गावाचं पंचांग

कादंबरीतल्या जगाला दोन चंद्र द्यायचे, हे ठरवायला एक मिनिट लागतं. त्या जगातल्या बाईला 'उद्या ओहोटी कधी?' एवढ्या प्रश्नाचं उत्तर देता यावं, यासाठी मात्र माझा अख्खा पावसाळा गेला.

कादंबरी विज्ञान आणि अद्भुत यांच्या बांधावरची. एक किनारपट्टी आहे. तिथं फार पूर्वी आभाळातून माणसं उतरली, त्यांची जहाजं गंजून मातीला मिळाली, पण एक यंत्र देवळाच्या गाभाऱ्यात अजून जागं आहे. लोक त्याला देव मानतात आणि कौल लावतात. किनारा अर्थातच मालवणसारखा, कारण दुसरा कुठला मला लिहिता येत नाही. अशा कथांमधली कॅलेंडरं बहुतेक वेळा एकाच साच्यातली असतात: वर्षाचे दिवस ३६०, महिने १२, प्रत्येकाला भारदस्त संस्कृत नाव, आणि वर्षाअखेरीस एक गूढ सण. ती वाचताना मला रिकाम्या सरकारी वसाहतीतून चालल्यासारखं वाटतं. सगळ्या खोल्या एका मापाच्या आणि राहायला कोणी नाही.

तेव्हा आकड्यांना हात लावण्याआधी आमच्या वाडीत किती कालगणना एकाच वेळी चालतात ते बघायला घेतलं. भिंतीवर कालनिर्णय आहेच. (१९७३ साली ते सुरू करणारे जयंत साळगावकर मूळचे मालवणचे, हे आम्ही पाहुण्यांना न विचारता सांगतो.) पगार, परीक्षा आणि एसटीचं आरक्षण इंग्रजी तारखेवर. सणवार तिथीवर. २२ मार्च १९५७ पासून देशाचं अधिकृत म्हणून लागू झालेलं भारतीय सौर पंचांग आकाशवाणीवर ऐकू येतं. मेघनाद साहांच्या समितीनं इतक्या काटेकोरपणे बसवलेलं हे कॅलेंडर, पण त्याच्या आधारानं आमच्याकडे कोणी कणगीतलं भात काढलेलं मी तरी पाहिलं नाही.

शेतीचं वेगळंच. शेतकरी चंद्राकडे बघत नाही, सूर्य कुठल्या नक्षत्रात आहे ते बघतो. सात-आठ जूनला मिरग लागतो, त्या दिवशी राखणीचा कोंबडा होतो आणि वर्ष खऱ्या अर्थानं तेव्हा सुरू होतं. मग तेरा-चौदा दिवसांची एकेक नक्षत्रं: पुनर्वसूचा तरणा पाऊस, पुष्याचा म्हातारा. हा हिशेब ताऱ्यांवरचा आणि ऋतू सूर्याच्या अयनावरचे, त्यामुळे साधारण ७२ वर्षांनी दोहोंत एका दिवसाची फट पडते. पणजोबांचा मिरग आमच्यापेक्षा दीडेक दिवस आधी लागत असणार. पेरणी करणाऱ्याला एका आयुष्यात ते कळायचंही नाही. पण कादंबरीत हजार वर्षं जातात, तिथं ही फट पंधरवड्याएवढी होते, आणि मला हवी होती ती अशीच हत्यारं.

मासेमारांचे दोन कायदे. सरकारी बंदी १ जून ते ३१ जुलै, तारखेनं बांधलेली. परंपरेचा दर्या उघडतो नारळी पुनवेला, आणि ती कधी ऑगस्टच्या सुरुवातीला येते, कधी महिनाअखेरीस. दोन्हींच्या मधल्या दिवसांत नारळ न वाहता होडी लोटायची की नाही, यावर दरवर्षी घराघरांत तोंडं वाजतात. शिवाय कोकणात टिळक पंचांग पाळणारी घरं आहेत. त्यांचा अयनांश, म्हणजे राशीचक्र कुठून मोजायला घ्यायचं तो आकडा, वेगळा, त्यामुळे एखाद्या वर्षी अधिक महिना वेगळा पडतो आणि त्यांचे गणपती इतरांच्या महिनाभर आधी बसून विसर्जितही होतात. एकाच गावात, एकाच पाणंदीच्या दोन अंगांना.

आणि यातल्या कशातच न बसणारे दिवस. आंगणेवाडीच्या भराडी देवीच्या जत्रेला तिथी नाही. देवीला विचारून दिवस ठरतो, आणि तो जाहीर झाला की मुंबईतली अर्धी मालवणी माणसं रेल्वेच्या तिकिटांमागे धावतात. आचऱ्याची गावपळणही तशीच. काही वर्षांनी रामेश्वराचा कौल झाला की सगळा गाव गुरंढोरं, कोंबड्या, कुत्री घेऊन तीन दिवस तीन रात्री वेशीबाहेर राहतो. गणितानं काढता येत नाहीत असे हे दिवस, आणि लोक वर्षाची आठवण त्यांच्यावरूनच ठेवतात.

एका वाडीला एवढं लागतं, तर एका जगाला एकच कॅलेंडर कसं पुरेल? मी ठरवलं की कॅलेंडर बनवायचं नाही. चार-पाच बनवायची, ती एकमेकांशी भांडतील अशी.

आता आकडे. वर्ष ३८४.२ दिवसांचं धरलं. मोठा चंद्र रांजण, तांबूस आणि लांबचा. त्याच्या एका पुनवेपासून दुसरीपर्यंत ४१.७ दिवस. धाकटी कवडी पांढरी, जवळची, ११.३ दिवसांत सगळ्या कला दाखवून मोकळी. अपूर्णांक मुद्दाम ठेवले. आपला चांद्रमास २९.५३ दिवसांचा, बारा महिन्यांचे ३५४ दिवस होतात, सूर्याच्या वर्षाला ११ कमी पडतात, म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी अधिक मास घालावा लागतो. हे ११ दिवस उरले नसते तर जावयांना अनारसे मिळाले नसते. माझ्या जगात रांजणाच्या नऊ महिन्यांचे ३७५.३ दिवस होतात, वर्षाला ८.९ उरतात, आणि चार-पाच वर्षांनी एक दहावा महिना येऊन बसतो. महिन्यांची नावं एका संध्याकाळी उरकली. नावांवर जास्त वेळ घालवू नये असं माझं मत आहे, वाचक ती तशीही विसरतात.

खरी गंमत भरतीत होती. भरती ओढायची ताकद अंतराच्या घनानं घटते. म्हणून तर सूर्य चंद्राच्या सुमारे पावणेतीन कोटी पट जड असूनही आपल्या समुद्रावर त्याचा जोर चंद्राच्या निम्म्याहून कमी. मी कालावधींवरून अंतरं काढली. रांजण कवडीच्या सुमारे २.३ पट लांब निघाला. म्हणजे कवडीचं वस्तुमान रांजणाच्या बाराव्या हिश्श्याएवढं जरी ठेवलं, तरी दोघांच्या भरत्या जवळपास सारख्या. हा बारावा हिस्सा ठरवला आणि अख्ख्या कादंबरीचं चाक फिरलं.

कारण सारख्या जोराचे दोन चंद्र एका रेषेत आले की भरती दुप्पट, आणि काटकोनात गेले की एकमेकांची भरती पुसून टाकतात. आपल्याकडे अष्टमीच्या सुमाराला भांगाची भरती असते, पाणी कमी चढतं आणि कमी उतरतं, पण हलतं तरी. माझ्या जगात त्या दिवशी फक्त सूर्याची क्षीण भरती उरते. त्याला मी 'मुका दर्या' म्हटलं. एका रेषेत येणं दर पावणेआठ दिवसांनी, आणि बरोब्बर मध्ये मुका दर्या. खाडीच्या तोंडाशी वाळूचा दांडा आहे, मोठ्या भरतीशिवाय भरलेलं गलबत आत येत नाही, म्हणून बाजार जोडउधाणाला. तीन बाजार आठ-आठ दिवसांनी आणि चौथा सातव्या दिवशी, असा ३१ दिवसांचा फेरा आपोआप जमला. तो मी ठरवला नाही. पाण्यानं ठरवला.

हे सगळं एक्सेलमध्ये होतं. पण तक्ता वाचून गोष्ट सुचत नाही, म्हणून पुठ्ठ्याच्या तीन चकत्या कापल्या आणि एकावर एक ठेवून मधोमध खिळा मारला. खालची सूर्याची, २४ तासांची. मधली रांजणाची, सर्वांत वरची कवडीची. कवडीच्या चकतीला खरीच कवडी फेविकॉलनं चिकटवली होती, ती तिसऱ्या दिवशी निघाली आणि जागेवर फक्त पिवळा डाग राहिला. तो डाग म्हणजेच कवडी असं सगळे धरून चालले.

शेजारच्या तांडेल काकांना ते दाखवलं. आमच्याकडे भरतीचा जुना हिशेब आहे: तिथीला तीननं गुणा, चारनं भागा, पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा. मुंबईकडे तो बरा जुळतो. आमच्या बाजूला भरती थोडी आधी येते, ते काका मनातल्या मनात वजा करतात. त्यांनी हात लुंगीला पुसले आणि अंगठ्यानं वरची चकती एकेक दिवस पुढं ढकलायला सुरुवात केली. ओठ हलत होते. मी समजावायला गेले की रांजणाची भरती रोज ३५ मिनिटांनी पुढं जाते आणि कवडीची दोन तासांच्या वर, तर हातानंच गप्प केलं. बऱ्याच वेळानं म्हणाले, "बाय, दोन चंद्र ठेवलंस ता बरा केलंस. पण ह्येंच्यात रापण वढूची कधी? तुझा उधाण येळ पाळना नाय." (रापण म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं.)

त्यांचं बरोबर होतं, आणि माझ्या ध्यानात नव्हतं की ही माझ्या जगाची सर्वांत मोठी गोष्ट आहे. आपलं उधाण अमावास्या-पुनवेचं. तेव्हा चंद्र सूर्याच्या रेषेत असतोच, त्यामुळे एका गावात मोठी भरती नेहमी साधारण त्याच घटकेला येते आणि मोठी ओहोटीही. आमच्याकडे उधाणाची सुकती, म्हणजे ओहोटी, पहाटे आणि संध्याकाळी. रांजण आणि कवडी मात्र एकमेकांच्या रेषेत येतात, सूर्य कुठं का असेना. हिशेब केला तर जोडउधाणाची वेळ प्रत्येक खेपेला सुमारे साडेचार तासांनी सरकते. या बाजाराला भरदुपारी, पुढच्याला संध्याकाळी, त्याच्या पुढच्याला रात्री.

ते ऐकून काकी स्वयंपाकघरातून बाहेर आल्या. त्या आयुष्यभर खडपात कालवं काढायला जात आल्या. कालवं मोठ्या सुकतीलाच मिळतात, पाणी खूप मागं गेलं की खालचे खडक उघडे पडतात, आणि हाताशी तास-दीड तास असतो. "म्हणजे तुझ्या गावातली बायकामाणसा मध्यानरातीक कालवां काढूक जातली," त्या म्हणाल्या. "मगे पोरांका कोण बघतला?"

मी वहीत एवढंच लिहिलं: पोरांना कोण बघणार. त्या एका प्रश्नातून पाचवं कॅलेंडर आलं, आणि ते सगळ्यांत अचूक निघालं. तांडेलाला अर्धा तास इकडे-तिकडे चालतो. गलबत थांबून राहू शकतं. कालवं काढणाऱ्या बाईला सुकतीची वेळ चुकली तर फेरा फुकट, आणि परतताना चुकली तर पाणी पाठीमागून येतं. म्हणून माझ्या जगात काळ मोजण्याचं खरं कसब बायकांकडे आहे. त्यांच्याकडे दोन दोऱ्या असतात, एक ४२ गाठींची, एक ११ गाठींची, आणि अपूर्णांक सांभाळायला कधी गाठ वगळायची, कधी दोनदा मोजायची याची गाणी. लेक सासरी जाताना दागिन्यांआधी दोरी देतात, कारण सासरची खाडी वेगळी आणि तिचा उशीरही वेगळा. रात्रीच्या सुकतीला पोरं कोणाकडे राहतात, हाही त्या गाण्यांचाच भाग. घराघरांची पाळी त्यात बांधलेली आहे. किनाऱ्याच्या आकारामुळे भरतीला किती उशीर होतो याचं खरं गणित भयंकर किचकट असतं. ते मी सरळ प्रत्येक खाडीच्या गाण्यात एक जादा कडवं घालून मिटवलं.

देवळातल्या पुजाऱ्यांचं पंचांग याच्या अगदी उलट. त्यांना सुकतीशी देणंघेणं नाही, त्यांना महाउधाण हवं: सूर्य, रांजण आणि कवडी, तिघं एका रेषेत. आकडे चाळवून पाहिले तर दर ६२ दिवसांनी हे जवळपास जमतं, आणि २७१ दिवसांनी अगदी घट्ट जमतं. पण २७१ चा फेराही हळूहळू ढळतो. दोन-तीन फेऱ्यांनंतर मध्येच ६२ दिवसांचा एक तुकडा घालावा लागतो. तो कधी घालायचा यावरून पुजाऱ्यांची दोन घराणी तीनशे वर्षं एकमेकांकडे जेवत नाहीत. टिळक पंचांगवाले आणि इतर निदान एकमेकांच्या गणपतीला मोदक खायला तरी जातात.

सावकाराचं कॅलेंडर लिहायला सर्वांत सोपं. त्याला चंद्र नको, ३८४ दिवसांची वही पुरते, आणि पाच वर्षांनी एक दिवस जादा. व्याज मात्र तो महिन्यावर लावतो. म्हणजे दहावा महिना आला की त्याला चंद्र एकदम आठवतो. या एका लबाडीवर दोन प्रकरणं उभी राहिली.

राहिला कौल. इथं मी बरीच अडले, कारण गाभाऱ्यातल्या यंत्रानं पुजाऱ्यांसारखंच गणित करून दिवस सांगायचा असेल तर त्याचं दैवतपण काय उरलं? उत्तर वादळांनी दिलं. आमच्या किनाऱ्यावर वर्षं वादळांच्या नावानं ओळखली जातात. २००९ चं फयान, मे २०२१ चं तौक्ते. धाकट्या चुलतभावाचं लग्न कधी झालं ते कोणी तारखेनं सांगत नाही, तौक्तेच्या आदल्या वर्षी म्हणतात. वादळात पाणी चढतं ते नुसत्या वाऱ्यानं नव्हे. हवेचा दाब एका मिलिबारनं उतरला की समुद्र साधारण एका सेंटिमीटरनं वर येतो. कुठल्याही पंचांगात हे नसतं, असूच शकत नाही. यंत्र गणित करत नाही, ते फक्त पाण्याची उंची आणि हवेचा दाब बघतं. म्हणून पुजारी 'महाउधाण आहे, पण धोका नाही' म्हणतात त्या दिवशी ते डावा, म्हणजे नकाराचा, कौल देतं, आणि कोणाला कारण कळत नाही.

डावा कौल पडला की गाव निघतो. हे मी आचऱ्याकडून घेतलं, कारण मात्र माझं. गावपळणीच्या मागं काय आहे ते आचऱ्याच्या लोकांनी सांगावं, मी त्यात पडत नाही. माझ्या गावात माणसं गुरं, कोंबड्या आणि दोऱ्या घेऊन डोंगराच्या कुशीत जातात. परत येईपर्यंतचे दिवस कोणत्याच कॅलेंडरात मोजले जात नाहीत. बायका दोरीवरची गाठ पुढं सरकवत नाहीत असं सगळे मानतात. अर्थात त्या चोरून सरकवतात, नाहीतर परत आल्यावर पहिली सुकतीच चुकेल. आणि न मोजलेल्या दिवसांचं व्याज सावकाराला मिळत नाही, म्हणून प्रत्येक गावपळणीला तो एकटा घरात राहण्याचा हट्ट धरतो. तिसऱ्या भागात त्याचं काय होतं ते इथं सांगत नाही.

एवढं झाल्यावर लेखन सोपं होईल असं वाटलं होतं. झालं असं की पात्रं बोलायला लागली आणि त्यांच्या तोंडी तारखा विचित्र दिसू लागल्या. 'रांजणाच्या चौथ्या महिन्याच्या सतराव्या दिवशी ये' असं कोणी कोणाला म्हणत नाही. आपण म्हणतो शिमग्यानंतर ये, गणपतीच्या चार दिवस आधी ये, मिरग लागू दे मग बघू. म्हणून संवादांतल्या बहुतेक तारखा काढून टाकल्या. त्या जागी 'या बाजारानंतरच्या मुक्या दर्याला', 'दहावा महिना होता त्या वर्षी', 'सावकार एकटा राहिला होता त्या पळणीला' असं आलं. तक्ते, चकत्या, अपूर्णांक यांतलं एक दशांशही पुस्तकात नाही. पण मागं खरं गणित असल्यामुळे कोण केव्हा कुठं असू शकत नाही हे मला लगेच कळतं. नायिका रात्री खडपात आहे आणि त्याच रात्री मुका दर्या आहे, अशी गफलत चकती फिरवली की दोन सेकंदांत दिसते.

सातवीतल्या भाचीला पहिली चार प्रकरणं वाचायला दिली. चंद्र, यंत्र, कौल यांबद्दल ती काही बोलली नाही. विचारलं एवढंच, "मावशी, यांना रविवार कधी असतो?"

नव्हताच. पाच कॅलेंडरं होती आणि सुट्टी एकातही नव्हती. मग मुक्या दर्याकडे बघितलं: गलबत येत नाही, सुकती नाही, रापण ओढून उपयोग नाही. किनाऱ्यावरच्या शाळा त्या दिवशी बंद ठेवल्या. घाटावरच्या शाळामास्तरांना ते मान्य नाही. त्यांच्या गावाला समुद्रच नाही, ते रांजणाच्या अष्टमीला घंटा वाजवत नाहीत. आता किनाऱ्यावरची मुलं आणि त्यांची घाटावरची मामेभावंडं यांना सुट्टी एकाच दिवशी कधी मिळेल याचा तक्ता भाची स्वतःच करते आहे. चकत्या घेऊन गेली आहे, आणि पाचव्या प्रकरणात मला त्या लागणार आहेत हे तिला सांगून झालं आहे.